पल्याडखेड्याचे कायदे

मी दहा वर्षांची असताना माझ्या आजोबांची केळीची एक अख्खी बाग बिघडवली. विळा लावला नाही, गुरं सोडली नाहीत, पाटाचं पाणी तोडलं नाही. एक थाप मारली, बस्स. थाप का मारली म्हणाल, तर पल्याडखेड्याचा तसा कायदा होता आणि मी कायदा पाळणारी मुलगी होते. आता हे पल्याडखेडं कुठं आलं ते विचारू नका. यावल तालुक्यात ते सापडणार नाही आणि धुळ्याकडेही नाही. ते मीच वसवलं होतं. स्वतः वसवलेल्या गावाचा कायदा माणूस फार भाबडेपणानं पाळतो.

ती मुलगी आज मला भेटली तर आधी तिच्या पाठीत एक धपाटा घालीन. मग जवळ घेऊन डोक्याला तेल लावीन, कारण केसांच्या नुसत्या जटा झालेल्या असायच्या. अंगभर चिकाचे डाग, गुडघ्यांवर खपल्या आणि जिभेला हाड नाही. वर्गात बाईंनी विचारलं, 'उशीर का झाला?' तर 'आमच्या विहिरीत ढग पडला होता, तो काढत होते' असं सांगून मी छडी खाल्लेली आहे. छडीचा राग नव्हता. बाईंनी ढग केवढा होता ते विचारलं नाही, याचा होता.

हे सगळं आत्ता उकरायचं कारण एवढंच, की गेल्या महिन्यात मी आणि कमल त्या वावरात गेलो होतो. मी जळगावच्या मेहरूणहून गेले, ती धुळ्याहून आली. फैजपूरजवळचं ते वावर आता माझा भाचा नितीन बघतो. ठिबकच्या काळ्या नळ्या ओळीनं झोपलेल्या, घडांवर निळसर पिशव्या घातलेल्या, सगळी झाडं एका उंचीची, शाळेच्या प्रार्थनेला उभी राहिल्यासारखी. आम्ही दोघी धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, पालथ्या क्रेटवर बसलो. गुडघे चार, त्यातले चालणारे दोन. आणि वाऱ्याची एक झुळूक आतून आली. ओल्या पानांचा, कुजलेल्या खोडाचा, किंचित आंबूस, किंचित गोड असा तो वास. नळ्या बदलल्या, रोपं बदलली, वास मात्र जुनाच होता. मी कमलकडे बघितलं. तिनं डोळे मिटून घेतले होते. आम्ही दोघी पल्याडखेड्याच्या वेशीवर उभ्या होतो, हे सांगायला तिला शब्द लागले नाहीत.

एरवी तिला शब्द फार लागतात. चाळीस वर्षं शाळेत शिकवलेली बाई आहे, एकदा सुरू झाली की घंटा होईपर्यंत थांबत नाही. पण आमच्या घरी ती आली तेव्हा मुकी होती.

कमल माझी आतेबहीण. माझी आत्या म्हणजे आबांची, माझ्या आजोबांची, एकुलती एक लेक, धुळ्याकडे दिलेली. त्या हिवाळ्यात आत्या गेली. कशानं गेली ते आम्हा मुलांना कुणी सांगितलं नाही आणि पुढंही मी विचारलं नाही. होळी झाल्यावर आबा धुळ्याला गेले आणि येताना कमलला घेऊन आले. तिच्या हातात एक पत्र्याची पेटी होती आणि पेटीत आईचं एक पातळ. ती ओसरीवर बसली ती बसलीच. विचारलं तर मान हलवायची. जेवायला वाढलं तर भाकरीचा एक तुकडा मोडून तोच हातात धरून बसायची. आईनं तिच्यासाठी शेवभाजी केली, वांग्याचं भरीत केलं, तूप घालून खिचडी केली. शेवटी सगळं मीच खाल्लं. दुःखाच्या घरात इतकं चांगलंचुंगलं शिजतं हे मला तेव्हा कळलं, आणि खरं सांगते, मला ते आवडलंही.

आखाजी आली, म्हणजे अक्षय्य तृतीया. आमच्या खान्देशात आखाजीला लेकी माहेरी येतात. निंबाला झोके बांधतात, आमरस-पुरणपोळी होते, गौराईची गाणी होतात. आत्या दरवर्षी यायची. त्या वर्षीही आबांनी स्वतः निंबावर चढून झोका बांधला, त्याच फांदीला. गेलेल्या माणसांसाठी भरतात तशी घरात आत्याच्या नावानं नवी घागर भरली, तिच्यावर डांगर, म्हणजे खरबूज, ठेवलं, आबांनी हात जोडले आणि ते जे वावरात निघून गेले ते दिवे लागायला परत आले. दिवसभर झोका मोकळा होता. मी मनसोक्त झोके घेतले. 'आज माझा नंबर कुणी मागत नाही' म्हणून खूश होते. इतकी हुशार मी!

कमलला बोलतं करायचं काम मी आपणहून अंगावर घेतलं. कुणी सांगितलं नव्हतं. मला फक्त ऐकणारं कुणीतरी पाहिजे होतं, आणि ही आयती मिळाली होती, उठूनही जात नव्हती. आधी मी तिला जिलब्यांच्या डोंगराची गोष्ट सांगितली. मग जळगावच्या सराफ बाजारात सोन्याचा पाऊस पडल्याची सांगितली. ती समोरच्या भिंतीकडे बघत राहिली. भिंत जास्त रंगतदार असावी.

मग एका दुपारी मी तिला हाताला धरून बागेत नेलं. वैशाखाचं ऊन बाहेर भट्टीसारखं पेटलेलं, पाय टाकवत नव्हता. धुरा ओलांडून आत शिरलं की एकदम दुसरं हवामान. केळीच्या बागेत ज्यानं दुपार काढली नाही त्याला हे सांगून कळणार नाही. आत ऊन नसतं, हिरवा उजेड असतो. पाटाला पाणी सोडलेलं असलं की पानांच्या फटींतून ऊन गळून पाण्यात पडतं, आणि पाण्यातून उसळून पानांच्या पोटाला लागतं. डोक्यावर उजेडाचे साप वळवळत असतात. पाणी मुरतानाचा आवाज येतो, कुणीतरी हळू घोट घेत असल्यासारखा.

'हे बघ,' मी म्हटलं, 'ही आपली बाग दिसते, पण इथून पुढं दुसरं गाव सुरू होतं. पल्याडखेडं.' खेडं अशासाठी, की आमच्याकडं दर चौथ्या गावाच्या नावात खेडं असतं. नाव खरं वाटायला बरं. 'तिथले कायदे वेगळे असतात. तिथं ऊन... तिथं ऊन...' आणि मी अडकले. थापा मारणाऱ्या माणसाला घाई झाली की असं होतं.

कमल वर बघत होती. पानांच्या पोटावरच्या त्या सापांकडे. आणि दोन महिन्यांत पहिल्यांदा तिच्या तोंडून शब्द निघाला, तिच्या धुळ्याकडच्या अहिराणीत, अगदी हळू.

'तठे ऊन खालतून येस.'

मी इतकी दचकले की पाटात बसले. फ्रॉक भिजला. पण पल्याडखेड्याचा पहिला कायदा पास झाला, आणि तो तिनं केला होता, मी नाही.

त्यानंतर कायदे भराभर झाले. ऊन खालून येतं म्हणून तिथल्या माणसांचे तळवे सावळे आणि डोकी गोरी असतात. सावल्या वर पडतात. सकाळी बाहेर पडताना आपापली सावली आढ्याला टांगून ठेवावी लागते, नाहीतर ती छपराच्या फटीतून उडून जाते आणि मग शेजारणीची मागून आणावी लागते. शेजारणीची सावली घातली की तिच्यासारखं शिंकायला होतं. हे कमलचं. माझ्या शिंकेची तिनं केलेली नक्कल इतकी हुबेहूब होती की मला राग आला आणि मग आम्ही दोघी हसून हसून पालापाचोळ्यात लोळलो.

दुसरा कायदा वजनाचा. पल्याडखेड्यात ज्या वस्तूची कुणी विचारपूस करत नाही ती जड होत जाते. फारच दिवस विचारलं नाही तर ती जमिनीत रुतून नाहीशी होते. म्हणून तिथल्या बाया सकाळी उठून आधी सगळ्या घराला विचारतात, 'काय व घागरी, बरी हायेस ना? काय रे मुसळा, पाठ दुखते का?' विचारलेली घागर भरलेली असली तरी पिसासारखी उचलली जाते. हा कायदा आम्ही घरी लागू केला. आई एकदा स्वयंपाकघरात आली तर आम्ही दोघी पाट्यासमोर हात जोडून 'काय रे पाट्या, तब्येत काय म्हणते' करत होतो. आईनं कपाळावर हात मारला. पण कमल बोलतेय हे बघून तिनं तो हात तसाच डोळ्यांवरून फिरवला आणि बाहेर गेली.

तिसरा कायदा चिकाचा. केळीचा चीक एकदा कपड्याला लागला की तो डाग त्या कपड्याबरोबरच सरणावर जातो. साबण, लिंबू, सोडा, कशालाही दाद देत नाही. आमच्या फ्रॉकांची भांडी पुसायची फडकी झाली होती. म्हणून पल्याडखेड्यात ज्याच्या अंगावर जास्त डाग तो मोठा माणूस. बिनडागाच्याला तिथं पंगतीत शेवटी बसवतात.

आणि चौथा, शब्दांचा. तो माझा, आजही तो आठवला की मी माझ्या त्या अगोचर डोक्याचे मनोमन आभार मानते. आमच्या घरामागं केळी पिकवायची एक अंधारी खोली होती. कच्चे घड आत रचायचे, धूर द्यायचा, दार लिंपायचं. काही दिवसांनी दार उघडलं की जो वास बाहेर पडायचा तो थेट गळ्यात उतरायचा. तिथूनच मला सुचलं. पल्याडखेड्यात शब्द बोलल्याबरोबर ऐकू येत नाही. तो आधी कच्चा असतो, हिरवा. तो हवेत लटकून राहतो, पिकतो, आणि मग ऐकू येतो. शिव्या पिकेपर्यंत गोड होतात. एखादा चिडून 'गाढवा' म्हणाला तर आठ दिवसांनी समोरच्याला ऐकू येतं, 'ये, बस, चहा घे.' म्हणून तिथं भांडणं टिकत नाहीत.

कमलनं हे लक्ष देऊन ऐकलं. ती केळफुलाची जांभळी पाकळी सोलून आतल्या फुलांतला मध चोखत होती. चोखता चोखता थांबली.

'मंग मनी माय जे बोलनी व्हती, ते कव्हय ऐकू ई?' आई जे बोलून गेली होती ते कधी ऐकू येईल, असं ती विचारत होती.

आता ही दहा वर्षांची, थापाडी, आचरट मुलगी बघा. तिला काहीच कळलं नव्हतं. आपल्याला काय विचारलं जातंय याची तिला गंधवार्ता नव्हती. पण तिचा तिच्या गावाच्या कायद्यावर विश्वास होता. मी खोडावर हात ठेवून, आबा व्यापाऱ्याशी बोलताना ठेवायचे तसा, म्हटलं, 'घड मोठा असला तर टाइम लागतो. घाई करून दार उघडलं तर कच्चा निघतो.'

कमलनं मान हलवली आणि पुन्हा मध चोखायला लागली. त्या दिवशी संध्याकाळी तिनं ज्वारी-उडदाच्या कळण्याची दीड भाकरी खाल्ली, ठेच्याबरोबर. मी मोजली, कारण अर्धी माझ्या वाटणीची होती.

इथं थोडं केळीचं सांगायला हवं. केळ आयुष्यात एकदाच घड देते. घड उतरवला की तिचं खोड कापून टाकतात. पण ती उभी असतानाच तिच्या बुंध्याशी पिल्लं फुटत राहतात, त्यांना आमच्याकडे मुनवे म्हणतात. मुनवे आईचंच खातात, म्हणून त्यांना विळ्यानं कापत राहावं लागतं, नाहीतर आईचा घड भरत नाही. शेवटी घड बाहेर पडला की प्रत्येक केळीजवळ चांगला बघून एकच मुनवा राखायचा. तीच पुढच्या सालची केळ. आमच्या बागेत हे काम सरूअक्का करायची. सगळ्या बायांची ती मुकादम. तिच्या कमरेचा विळा झोपतानासुद्धा तिथंच असावा असा माझा समज होता. एकदा मी तिला विचारलं, 'अक्का, घड काढल्यावर केळ मरते ना?' ती खोडाला पाठ टेकून तंबाखू मळत होती. म्हणाली, 'केळ मरत नही पोरी. बाजूले सरकते.'

मी ते तसंच्या तसं कमलला नेऊन सांगितलं. तिनं पूर्ण बाग पालथी घातली. बोरीच्या झाडाजवळच्या ओळीत, धुऱ्यापासून तिसऱ्या केळीच्या बुंध्याशी एक मुनवा होता, हातभर उंचीचा, टोकदार, अजून पान न उलगडलेला. कमल त्याच्याजवळ बसली आणि तिनं कायदा सांगितला. 'तठे कोनी मरत नही. बाजूले सरकस.'

त्यानंतर रोज शाळेतून आली की ती तिथं जाऊन बसायची. मी दोन ओळी सोडून थांबायचे. ती त्या मुनव्याला दिवसभराचं सांगायची. मामीनं, म्हणजे माझ्या आईनं, काय केलं होतं, वर्गात कोण पडलं, माझी कशी फजिती झाली. माझी फजिती तर रोजच व्हायची, त्यामुळं विषयाला तोटा नव्हता. मधेच थांबून ती कान द्यायची. पाऊस पानांवर ताडताड वाजत असला तरी ती कान द्यायची, शब्द पिकलाय का बघायला.

आषाढात आबांच्या डोळ्याचं ऑपरेशन ठरलं. तेव्हा मोतीबिंदू काढला की महिना-दीड महिना पट्टी, अंधारी खोली, खाली वाकायचं नाही, जोरानं खोकायचं नाही. आबा जळगावला त्यांच्या भावाकडे राहिले. वडील रेल्वेत, भुसावळला. बागेतलं त्यांना केळं खाण्यापलीकडं काही कळत नव्हतं. बाग सरूअक्काच्या भरवशावर होती.

आणि एके सकाळी सरूअक्का विळ्याला धार लावून चार बायांसकट बागेत आली.

मी शाळेचं दप्तर टाकून पळत सुटले. एकच मुनवा वाचवायचा होता. पण एकट्या त्याचंच नाव घेतलं असतं तर अक्कानं विचारलं असतं, हाच का? मग कमलचं गुपित बायांच्या तोंडी गेलं असतं. शिवाय पल्याडखेड्याच्या कायद्यानं बागेतला प्रत्येक मुनवा कुणाचं तरी कुणीतरी होता. मी धापा टाकत म्हटलं, 'अक्का, कापू नका! आबांनी निरोप पाठवलाय. या बागेतले मुनवे बेण्यासाठी ठेवायचे. सगळे.'

'सगळे?' अक्कानं विळा थांबवला. 'घड बारीक पडतीन ना व माय. आबा आसं बोलले?'

'हो.'

'येवढं बेनं कोनाले द्याचं हाये?'

'पल्याडखेड्याच्या पाटलांना.'

तोंडातून निघून गेलं.

'पल्याडखेडं?' अक्का विचारात पडली. 'कुठी आलं ते?'

'धुळ्याकडे.'

'आसंल बाई,' अक्का म्हणाली आणि विळा कमरेला खोचला. 'धुळ्याकडे गंज गावं हायेत.' गंज म्हणजे पुष्कळ.

धुळेकरांनो, मला माफ करा. तुमच्या जिल्ह्याच्या मोठेपणानं त्या दिवशी मला वाचवलं.

मग जे दोन महिने गेले तसे माझ्या आयुष्यात पुन्हा आले नाहीत. बागेचं रान झालं. ओळी दिसेनाशा झाल्या. प्रत्येक केळीच्या पायाशी पाच-पाच, सात-सात पोरं वर निघाली, एकमेकांच्या खांद्यांवरून डोकावणारी. आत शिरलं की दुपारचे चार वाजलेत की सकाळचे सात ते कळायचं नाही. आमचा फ्रॉक कोरडा असा कधी नसायचाच. पानांवर साचलेलं पाणी मानेतून आत शिरायचं, बेडूक पायांवरून जायचे, कुठंतरी भारद्वाज खोल घशातून हुंकार द्यायचा. पल्याडखेड्याची वस्ती वाढली होती. आम्ही दोघी ओळीओळीनं फिरून सगळ्यांची विचारपूस करायचो, कुणी जड होऊ नये म्हणून. बोरीजवळचा मुनवा कमलच्या खांद्याला लागला, मग डोक्याला. त्यानं पहिलं रुंद पान उलगडलं त्या दिवशी तिनं पेटीतलं पातळ काढलं, त्याच्यासमोर धरलं आणि पुन्हा घडी घालून ठेवून दिलं.

मला सगळं दिसत होतं. घडांच्या फण्या बोटभरच राहिल्या होत्या, तेवढ्या मात्र दिसल्या नाहीत.

पोळा झाल्यावर आबा आले. काळा चष्मा, कपाळावर हिरवं फडकं. चहासुद्धा घेतला नाही. 'नव्या डोळ्यानं पयले बाग पाहीन,' म्हणाले आणि काठी घेऊन निघाले. अक्का मागं, अक्कामागं बाया, सगळ्यात मागं मी. पाय मागं मागं जात होते.

आबा धुऱ्यावर थांबले. चष्मा काढला, फडक्यानं पुसला, परत घातला.

'अक्का, डॉक्टरनं डोळा उलटा बसवला का काय? मले हे जंगल दिसून राहिलं.'

'तुमीच बोलले ना आबा, मुनवे ठेवा. पल्याडखेड्याच्या पाटलाले बेनं द्याचं.'

'कोन पाटील?'

अक्कानं माझ्याकडे बघितलं. आबांनी माझ्याकडे बघितलं. माझी जीभ, जिला कधी हाड नव्हतं, तिला त्या घटकेला चांगलं मणभर हाड फुटलं.

आबांनी हात उगारला नाही. त्यांनी एका घडाच्या फणीवरून बोट फिरवलं, आजारी माणसाच्या बरगड्यांवरून फिरवावं तसं. मग म्हणाले, 'कापा.'

बाया कामाला लागल्या. आबा काठीनं दाखवत चालले, हा ठेवा, बाकीचे काढा. खच्च, खच्च. पांढरा चीक उडत होता. कापलेल्या खोडांचा ओला, काकडीसारखा वास सगळीकडं भरला. आमची वस्ती ओळीओळीनं आडवी होत होती. मी मोजत होते, बोरीची ओळ किती दूर राहिली. चार. तीन. दोन.

तिथं कमल उभी होती. शाळेतून परस्पर आलेली. मुनव्याला पाठ लावून, दोन्ही हात मागं वळवून त्याला धरलेलं. त्या केळीजवळ आणखी सहा मुनवे होते, त्यांतला एक चांगला दांडगा. आबांनी काठी त्या दांडग्याकडे केली. 'हा ठेवा. बाकीचे काढा. सरक पोरी.'

'नही.'

'विळा लागीन.'

'लागू दे.' तिचा आवाज फाटला. 'आबा, इले कापू नका. हाई मनी माय शे.'

अक्कानं विळा खाली घेतला. चारही बाया जिथल्या तिथं थांबल्या. आबा त्या हिरव्या उजेडात काठीवर दोन्ही हात ठेवून उभे राहिले. काळ्या चष्म्यामागं काय चाललं होतं ते मला दिसत नव्हतं. मग ते म्हणाले, 'अक्का, ही वळ राहू द्या,' आणि मागं वळून निघून गेले. चिखलात त्यांची काठी दोनदा रुतली. त्यांनी ती उपसून काढली आणि चालत राहिले.

त्या सालचे घड कुणी नावाजले नाहीत. व्यापारी आला, बघून गेला, परत आला नाही. घरात दोन महिने कच्च्या केळ्यांची भाजी, केळ्यांची कोशिंबीर, केळ्यांचे वेफर्स, उरलेली गुरांना. गाईसुद्धा शेवटी मान फिरवायला लागली. वडिलांनी भुसावळहून येऊन माझ्या पाठीत दोन धपाटे घातले, ते रास्त होते. सरूअक्का मात्र माझ्यावर एकदाही चिडली नाही. पुढं कितीतरी वर्षं ती मला रस्त्यात गाठून विचारायची, 'काय व, पाटील बरे हायेत ना पल्याडखेड्याचे?' आणि मी सांगायचे, 'बरे आहेत अक्का, तुमची आठवण काढतात.' आज ती नाही. तिनं तो विळा त्या दिवशी विचारात पडून कमरेला खोचला, त्याचे आभार मी कुठं मानू?

बोरीजवळच्या मुनव्याची केळ झाली. तिनं चांगला भरगच्च घड दिला. तिच्या पायाशी दुसरी आली, मग तिसरी. पुढं त्या तुकड्यात कपाशी लागली, कंद नांगराखाली गेले, बोरही गेली. आता तिथं ठिबकची टाकी आणि फिल्टर बसवलेत. कमलनं गेल्या महिन्यात पावलं टाकून जागा शोधली, आणि ती नेमकी त्या सिमेंटच्या चौथऱ्यावर येऊन थांबली.

नितीन म्हणाला, 'कमलआत्या, आता मुनवे ठेवत नाही आपण. टिश्यूची रोपं येतात लॅबमधून, दरवेळी नवी. सगळी सारखी.'

'आसं का?' कमल म्हणाली. मग माझ्याकडं वळून, खास आमच्या भाषेत, 'आय व, मंग मनी माय बी आते टिश्यूनी व्हयी गयी व्हई!' आणि त्या चौथऱ्यावर बसून इतकी हसली की नितीन पाणी आणायला धावला. हसताना ती अजूनही माझीच शिंक शिंकते.

मी तिला विचारलं, 'आला का गं तो शब्द कधी? तुझ्या आईचा?'

तिनं पदरानं डोळे पुसले. 'येस ना. नातीले वरडाले गऊ की तोंडमाथून तिनाच निंघस.' नातीला रागवायला गेले की तोंडातून तिचाच निघतो, असं म्हणाली. एवढा मोठा घड, पिकायला इतकी वर्षं लागणारच.

राहिली ती मुनवे कापल्याच्या दुसऱ्या सकाळची गोष्ट. आबांच्या डोळ्यात औषध घालायचं काम माझ्याकडे आलं होतं. आईच्या हाताला पीठ लागलेलं, आणि मी घरात सगळ्यात रिकामी. आबा ओसरीवर बाजेवर उताणे पडले होते. रात्रभर मी माफीची वाक्यं जुळवली होती, सगळी वर्गातल्या निबंधासारखी. बाटली उघडली आणि ती वाक्यं आठवायच्या नादात, दोन थेंब सांगितले होते तिथं मी पाच घातले. औषध डोळ्यातून कानाकडे ओघळलं. मी फ्रॉकच्या टोकानं पुसलं. दुसऱ्या डोळ्यात औषध घातलंच नव्हतं, तरी तोही पुसावा लागला.

मी म्हटलं, 'आबा, मी बाग बिघडवली.'

आबांनी डोळे मिटूनच माझं मनगट धरलं. मग म्हणाले,

'बाग गेली त जाऊ दे, बाग पुन्ना लागते. पन पोरी, ती आलेली हाये हे तुमी दोघींनी मले काबरं नही सांगितलं? मी बी गेलो असतो ना रोज, तिले भेटाले.'